नीट विचार केलेला हुकूम

नेरे गावच्या शकूबाईंची विहीर डंपरवाल्यांनी बुजवली, असं सगळे म्हणत. न्यायाधीश अरुंधतीबाईंना मात्र ती आपणच बुजवली असं वाटे, आणि त्यांचं फारसं चुकत नव्हतं.

झालं होतं असं. विहीर शकूबाई आणि त्यांच्या दिराची सामाईक. दिरानं आपला हिस्सा फार्महाऊसवाल्या विश्वजीतला विकला, आणि विश्वजीतला विहिरीच्या जागी लॉन हवं होतं. शकूबाईंचा भाजीचा मळा त्याच पाण्यावर. पनवेलच्या बाजारात त्यांची मेथी नि लाल माठ हातोहात खपे. त्या दावा घेऊन आल्या. सोबत निशाणी पाच, म्हणजे दाव्याचा निकाल लागेपर्यंत विहिरीला कुणी हात लावू नये, असा मनाईचा अर्ज.

अरुंधतीबाईंना म्हातारीची बाजू पटली होती. पण तो दिवाळीच्या सुट्टीआधीचा शेवटचा दिवस. विश्वजीतच्या वकिलांनी जुन्या निवाड्यांचा ढीग रचून ठेवलेला. मनाई द्यायची तर त्यातल्या प्रत्येकाला उत्तर लिहायला हवं. नाकारायची तर दीड पान पुरे. घरी चकलीची भाजणी तशीच पडली होती. नाहीतरी अपील आहेच, वरचे साहेब बघून घेतील, असं मनाशी म्हणत त्यांनी लघुलेखकाला दीड पान सांगितलं आणि मोकळ्या झाल्या.

जिल्हा न्यायालयात अपील झालं. वरच्या साहेबांनी नियमाला धरून निकाल दिला, आणि नियम तसा शहाणपणाचाच आहे. खालच्या न्यायाधीशानं विचारपूर्वक मनाई दिली किंवा नाकारली असेल, तर केवळ आपलं मत वेगळं म्हणून अपिलात तो हुकूम फिरवायचा नसतो. ‘कदाचित आम्ही मनाई दिली असती,’ साहेबांनी लिहिलं, ‘परंतु खालील न्यायालयाने नीट विचार केलेला दिसतो.’ अपील फेटाळलं आणि डंपर आले. हुकूम अपिलात टिकला म्हणून चहाच्या वेळी सहकाऱ्यांनी अभिनंदन केलं, तेव्हा अरुंधतीबाईंनी कप तसाच खाली ठेवला. साहेबांनी ज्या विचाराचा मान राखला, तो त्यांनी केलाच नव्हता.

पुढे दावा पुराव्याला लागला. शकूबाई साक्षीच्या पिंजऱ्यात उभ्या राहिल्या.

“मग तुम्ही हायकोर्टात का नाही गेलात?” अरुंधतीबाईंनी स्वतःच विचारलं. न विचारून चाललं असतं. पण दोष वाटून घ्यायला त्यांना कुणीतरी हवं होतं.

“पोरगा म्हनत व्हता जाऊ. मीच नाय म्हनलं. मोठ्या सायबांनी लिवलंय, मॅडमनी नीट इचार केला. वकिलांनी वाचून दावलं. मंग म्हनलं, मॅडम येवरा इचार करून नाय म्हनतात, तं आमचंच कायतरी चुकत असंल.”

विश्वजीतचे वकील उठले. “मॅडम, याचा दाव्याशी संबंध नाही. रेकॉर्डवर नको.”

साक्षीदाराचं म्हणणं त्याच्याच तोंडचं म्हणून न्यायाधीशांनी सांगायचं आणि लघुलेखकानं टाइप करायचं, अशी पद्धत. त्याची बोटं थांबली होती. वकिलांचं म्हणणं कायद्याला धरून होतं, आणि सोपंही तेच होतं.

“घ्या,” अरुंधतीबाई म्हणाल्या आणि सांगू लागल्या. “मी हायकोर्टात गेले नाही, कारण न्यायाधीशांनी...”

इथवर आवाज ठीक आला. पुढचे शब्द काही केल्या तोंडातून निघेनात. मॅडम विसरल्या असं शकूबाईंना वाटलं. त्या पिंजऱ्यातून जरा पुढे वाकल्या आणि हळूच म्हणाल्या, “नीट इचार केला.”