औषध दिलं

उंब्रजच्या हरणाबाईंची सून अंकिता तापानं फणफणली होती. सकाळी हरणाबाईंनी तिला डॉक्टरांनी लिहून दिलेलं औषध दिलं, आणि दुपारी कराडच्या दवाखान्यात तिनं जीव सोडला. झालं ते एवढंच. पण दारात माइक घेऊन एक चॅनलवाला उभा राहिला, आणि शेजारच्या बनुबाईंनी रडत रडत सांगितलं, "सासूनं सकाळी औषध दिलं, आन् दुपारी पोरगी गेली."

आता आपल्याकडं औषध म्हणजे खोकल्याचंही आणि पिकावर मारायचंही. कुठलं, एवढं विचारायला त्याचं काय जात होतं? पण नाही. संध्याकाळी टीव्हीवर हरणाबाईंचा फोटो, त्याभोवती लाल गोल, खाली 'सासूने सुनेला विष पाजले?' प्रश्नचिन्ह लावलं की हे मोकळे. प्रश्नचिन्ह कोण बघतंय मेलं!

दुसऱ्याच दिवशी इस्लामपूरहून विहीणबाई राहीबाई आल्या आणि पाच वर्षांच्या नातीला, पूजाला, घेऊन गेल्या. हरणाबाईंचा मुलगा राजवर्धन फौजेत. तो आईच्या बाजूनं बोलला, पण सुट्टी संपली तसं त्यालाही जावं लागलं.

महिन्यानं शवविच्छेदनाचा अहवाल आला. डेंग्यू. राजवर्धननं तिकडून फोन करकरून चॅनलला भंडावून सोडलं, तेव्हा कुठं एका दुपारी सोन्याच्या भावाखालून पट्टी सरकली, 'त्या विवाहितेचा मृत्यू तापानेच. दिलगीर आहोत.' ना नाव, ना गाव, ना फोटो. हरणाबाईंना चष्मा सापडेपर्यंत पट्टी संपलीसुद्धा.

तरी अहवाल पिशवीत घालून त्या एसटीनं इस्लामपूरला गेल्या. राहीबाईंनी पाणी दिलं, कागद वाचून घेतला, डोळे पुसले.

"मला पटतंय वो," त्या म्हणाल्या. "पन सगळ्या गल्लीनं तुमचा फोटो बघितलाय. चूक झाली म्हंताना कुटं दावला फोटो?" तरी पोरगी येत असेल तर खुशाल न्या, मी आडवी येणार नाही, असंही त्यांनी सांगितलं.

हरणाबाईंचा जीव भांड्यात पडला. त्यांनी दोन्ही हात पुढं केले. पूजा दाराला धरून उभी होती, ती जवळ आली नाही.

"आज्जे, तू आईला औषध दिलंस?"

नाही म्हणावं तर ते खोटं, आणि या लेकराशी त्या कधी खोटं बोलल्या नव्हत्या.

"व्हय, बाळा," त्या म्हणाल्या, आणि कुठलं ते सांगायच्या आधीच पूजा आत पळाली.