माझ्या डोक्यावरचे मोजे

मित्रांनो, मी एक जुनी वॉशिंग मशीन आहे. कारखान्यातून आले तेव्हा माझ्या काचेत बघून लोक भांग पाडायचे. आता एक पाय तोकडा झालाय. कपडे पिळताना मी अशी थडथडते की पुष्कळदा मध्येच बंद पडते. तरी ऐट गेलेली नाही हं.

मी एका इमारतीच्या तळघरात राहते. वरच्या वीस घरांत अकरा देशांची माणसं, आणि मशीन मी एकटी. एकाचं बोलणं दुसऱ्याला कळेल तर शपथ! पण नंबरावरून कधी तंटा नाही. प्रत्येकानं आपला एक मोजा माझ्या डोक्यावर ओळीत ठेवायचा, की लागला नंबर. गवंड्याचा सिमेंटनं ताठलेला, नर्सबाईंचा पांढरा, तान्ह्या बाळाचा बोटाएवढा. ती ओळ बघून मी रोज थक्क व्हायचे.

एका सकाळी नवी भाडेकरीण लेकीला घेऊन खाली आली. दुपारी दोनला तिला हॉस्पिटलात सफाईच्या कामावर पहिल्यांदा हजर व्हायचं होतं. मिळालेला गणवेश डागाळलेला होता, आणि मळका गणवेश दिसला तर परत पाठवू, असं मुकादमबाईंनी बजावलं होतं. हातानं धुतला तर तो दोनपर्यंत वाळणार नव्हता.

माझ्या पोटात कुणाचे तरी कपडे फिरत होते, म्हणून ती थांबली आणि तिनं मोजे पाहिले. "कुणाचे विसरलेत गं हे? धुऊन ठेवू या. शेजारी आहोत आपण." भल्या मनानं तिनं सगळे मोजे हातानं धुतले आणि दोरीवर वाळत घातले. झालं, नंबरांचा बोऱ्या वाजला.

तेवढ्यात सहा जण गाठोडी घेऊन उतरले. गवंड्यानं हातवारे करून तिला ओळीचं सगळं समजावलं. तिचा चेहरा पडला. गणवेश छातीशी धरून ती म्हणाली, "चल बाळ, आपला नंबर शेवटी."

नर्सबाईंनी आपल्याच हॉस्पिटलातला गणवेश ओळखला; तिथली पाळी दोनला सुरू होते, हे त्यांना ठाऊक होतं. त्यांनी बाकीच्यांना घड्याळाकडे बोट करून दोन बोटं दाखवली. ओळीत पहिला मोजा गवंड्याचा होता. त्यानं स्वतःचं गाठोडं बाजूला सारून तिच्यासाठी माझं दार उघडलं.

पिळायची वेळ आली आणि मी थडथडू लागले. मनात म्हटलं, बाई गं, आज बंद पडू नकोस. तोच गवंड्यानं माझ्यावर हात दाबून धरला. मग नर्सबाईंनी, मग बाकीच्यांनी. भेगाळलेले, मऊ, पिठाचे, रंगाचे असे किती हात! इतक्या वर्षांत मला असं कुणी धरलं नव्हतं. मी शेवटपर्यंत फिरले.

कुणीतरी इस्त्री आणली. दीड वाजता ती ओलसर पण स्वच्छ गणवेशात जिना चढून गेली, आणि माझ्या पोटात गवंड्याचे कपडे पडले.

मित्रांनो, तुमच्याकडेही माझ्यासारखं कुणी जुनं असेल. ते थडथडलं तर लाथ मारू नका. जरा हात ठेवून पाहा.