तांब्याच्या किटलीतली खिडकी

व्हॅन नाइज या उपनगरातल्या एका गॅरेजात कोरिन प्रौढांसाठीचे व्हिडिओ करायची. पडद्यावरचं नाव जुनिपर. मोहरीच्या रंगाची भिंत, तांबूस विग, शेजारी चकचकीत तांब्याची किटली, हे सगळं मी ठरवलेलं. मी येसेनिया, तिची कॅमेरावाली. "चेहरा विसरले तरी चालेल, रंग विसरता कामा नये," मी म्हणायचे. आणि खरंच, नुसती भिंत बघून लोक तिला ओळखायला लागले.

एका मंगळवारी सकाळी तिचा फोन आला. आवाज ओळखू येईना.

"येसे, कुणीतरी फोटो पाठवलाय. आपल्या दाराचा. आज येतो म्हणतोय."

मी धावत गॅरेजवर पोचले. कडी घातली, पडदे ओढले. पत्ता कुणालाच ठाऊक नव्हता. मग कळला कसा? व्हिडिओंसोबत टाकलेले जुने फोटो मोठे करकरून पाहिले. किटलीच्या फुगीर पोटात आमची खिडकी दिसत होती, आणि खिडकीत समोरच्या टायरच्या दुकानाची पाटी. उलटी, पण वाचता येईल अशी.

"मीच ठेवली गं ती किटली तिथे," मी म्हणाले.

"रडायचं नंतर. पोलिसांना फोन लाव."

पोलिसांनी आधी तिचा धंदा विचारला. तिने सांगितला. पलीकडचा म्हणाला, "गाडी मोकळी झाली की पाठवतो."

तेवढ्यात दारावर टकटक झाली.

"जुनिपर, फुलं आणलीत. तो विग घाल ना."

दाराची मूठ फिरली. कोरिनची नखं माझ्या मनगटात रुतली. मी कुजबुजत टायरवाल्या होव्सेपियनकाकांना फोन केला. ते टायर काढायची पहार घेऊनच आले.

"कोण पाहिजे रे?"

"जुनिपर."

"त्या नावाचं इथे कुणी नाही. माझ्या भाचीची जागा आहे ही. चालता हो."

तो गेला नाही. पायरीवर बसून गुणगुणत राहिला. काका समोर पहार टेकून उभे. चाळीस मिनिटं आम्ही दाराआड बसून ते गुणगुणणं ऐकलं. शिंक येईल म्हणून कोरिनने नाक दाबून धरलं होतं.

पोलिसांनी त्याला नेलं आणि दुसऱ्या दिवशी सोडलं.

आठवड्याच्या आत कोरिन फ्रेस्नोला गेली. आता पांढऱ्या भिंतीपुढे, स्वतःच्या भुऱ्या केसांत, एकटीच शूट करते. निम्मे प्रेक्षक गळाले. नवा पत्ता तिने मलाही दिलेला नाही, आणि मी मागितलेला नाही.