पहिलं कडवं

ओडेसाने मायक्रोफोनचा स्टँड हातभर वर ओढला, स्क्रू आवळला आणि जुन्या पिढीतला रॅपर डीकन मो याला काचेपलीकडच्या बूथमध्ये उभं केलं. मायक्रोफोन बरोबर त्याच्या ओठांसमोर आला. तो एकदा खाकरला, ‘हॅलो’ म्हणाला आणि बाहेर येऊन परत सोफ्यावर बसला.

“आवाज छान लागलाय,” ओडेसा म्हणाली. “करायची सुरुवात?”

“आधी त्या पोराला म्हणू दे. पाहुणा आहे.”

“मी कसला पाहुणा? मी याच शहरातला.” सोफ्याच्या दुसऱ्या टोकाला बसलेल्या तरुण बॅरिकेडने फोनमधून मान वर काढली नाही. “आणि आमच्याकडे मोठ्यांच्या आधी कुणी ताटाला हात लावत नाही, काका.”

“काका कुणाला म्हणतोस?”

“वयाला.”

अटलांटात हे कुणी उघड बोलत नाही, पण सगळ्यांना ठाऊक असतं. दोघांचं गाणं असलं की दुसरा आधी पहिल्याचं कडवं ऐकतो आणि मग आपलं म्हणतो. पहिल्याने गाडी सांगितली की दुसरा विमान सांगतो. गाणं दोघांच्या नावावर लागतं, लोकांच्या तोंडी मात्र दुसऱ्याचं कडवं राहतं. त्यामुळे सकाळपासून डीकनचा घसा मधाचा चहा पिऊनही सुटत नव्हता, आणि बॅरिकेडच्या गळ्यातल्या साखळ्या मायक्रोफोनपाशी वाजतील म्हणून उतरत होत्या आणि थंडी वाजते म्हणून पुन्हा चढत होत्या.

बीट, म्हणजे शब्दांखाली वाजणारा ठेका, ओडेसाची होती. इतकी वर्षं तिने दुसऱ्यांच्या बीटवर दुसऱ्यांचे आवाज चढवले होते. ही पहिलीच तिची स्वतःची, रेकॉर्ड कंपनीने निवडलेली. कंपनीची अट एकच होती: दोघांचा आवाज हवा, नाहीतर गाणं नको. आणि बॅरिकेडचं ह्यूस्टनच्या कार्यक्रमासाठीचं विमान संध्याकाळी होतं.

दुपारी डीकन म्हणाला, रिकाम्या पोटी गाता येत नाही, आणि लेमन-पेपर चिकन विंग्ज आणायला गेला. बॅरिकेड आईशी फोनवर बोलायला गाडीत जाऊन बसला. ओडेसा एकटीच बीट ऐकत राहिली. खालचा बास खुर्चीच्या पायांतून वर येत होता. चांगली होती बीट. तिने ती बंद केली.

डीकन लोणी पाझरणारा खोका घेऊन परतला तेव्हा ती म्हणाली, “त्याचं झालं.”

“काय झालं?”

“कडवं. तुम्ही गेलात तेवढ्यात.”

डीकन खोका हातात धरून उभाच राहिला. “ऐकव.”

“नाही ऐकवायचं म्हणालाय. तुमचं होईपर्यंत कुणालाच नाही.”

“माझ्यावर काही आहे का त्यात?”

“ते मी कसं सांगू?”

“म्हणजे आहे.” त्याने खोका टेबलावर ठेवला, बोटं पुसली आणि बूथचं दार उघडलं. ओठांसमोरच्या मायक्रोफोनकडे बघत तो जरा जास्तच वेळ उभा राहिला. मग तळहाताने त्याला हलकेच थोपटलं, एखाद्या घोड्याला थोपटावं तसं. हेडफोनमधून ओडेसाला त्याचं हसू ऐकू आलं.

“चालू कर,” तो म्हणाला.

तिची अपेक्षा होती नेहमीच्या गाड्यांची, घड्याळांची. डीकनने डोळे मिटले आणि म्हणाला:

*गुडघा नवीन बसवलाय, आवाज आहे जुना,*
*दुकानाच्या रांगेत पोरं म्हणतात, ‘तुम्ही अजून आहात ना?’*

पुढे स्टेजवर त्याच्यासाठी मुकाट्याने ठेवलेली खुर्ची आली. ‘माझे बाबा तुमचे फार चाहते’ म्हणणारी पोलीसबाई आली. सहा वर्षं न वाजलेला फोन आला. एका दमात म्हणून तो बाहेर आला.

“पुन्हा घ्यायचं?” तिने विचारलं.

“नको. आणि माझंही त्याला ऐकवू नकोस.” तो पुन्हा हसला आणि एक विंग घेऊन बाहेरच्या पायरीवर जाऊन बसला.

बॅरिकेड आत आला. ओडेसाने स्टँड त्याच्या उंचीला, हातभर खाली घेतला.

“काकाचं झालं? लाव की.”

“नाही ऐकवायचं म्हणालेत.”

“असं कुठे असतं? हे नियमात नाही!”

“त्यांना सांग जा.”

बॅरिकेडने दाराच्या फटीतून पायरीकडे पाहिलं. “बाहेर आला तेव्हा चेहरा कसा होता?”

“हसत होते.”

“हसत?” बॅरिकेडने साखळ्या काढल्या. एक, मग दुसरी. “त्याला कुणी सांगितलं?”

“काय?”

“काही नाही.” तो बूथमध्ये गेला, परत बाहेर आला, पाणी प्यायला, परत गेला. “म्हातारा माझ्या आईच्या चर्चमध्ये जातो की काय,” असं काहीतरी पुटपुटला. मग दुसऱ्याने सांगण्याआधी आपणच सांगून टाकलेलं बरं, अशा घाईने सुरू झाला:

*ज्या गल्लीची गाणी गातो, तिथे झोपलो नाही रात्रभर,*
*बाबा लोकांचे दात सरळ करतात, हिरवळ आमच्या अंगणभर.*

त्यात पियानोचे क्लास होते. व्हिडिओपुरता भाड्याने आणलेला रागीट दिसणारा कुत्रा होता, जो बाकी सगळ्यांना घाबरायचा, फक्त त्यालाच नाही.

ओडेसाने दोघांना सोफ्यावर बसवलं आणि दोन्ही कडवी लागोपाठ लावली. कुणी विंग्जना हात लावला नाही. गाणं संपल्यावर बॅरिकेड डीकनकडे वळला.

“तुम्हाला माहीतच नव्हतं,” तो म्हणाला.

“काय?”

“दातांचं.”

“तुझे दात बघून संशय होता.”

बॅरिकेड हसला नाही. “आणि तुम्ही हे सगळं न ऐकता बोललात. माझ्या आधी.”

ओडेसाने डीकनकडे पाहिलं; त्याला तर तिने उलटंच सांगितलं होतं. डीकनने खोक्यातली एक विंग निवडली.

“हो,” तो म्हणाला. “तुझ्या आधी.”

“मग गाण्यात माझं आधी ठेवा. पहिलं. नाहीतर लोक म्हणतील, काका बोलला म्हणून हा बोलला.”

“ठेव गं त्याचं पहिलं,” डीकन म्हणाला.

बॅरिकेड दोघांना मिठी मारून विमानासाठी पळाला. एक साखळी सोफ्यावरच राहिली. ओडेसाने कडव्यांची अदलाबदल केली. गाणं असंही चांगलं वाजत होतं. कदाचित जास्तच. ते पूर्ण संपेपर्यंत तिने मागे वळून पाहिलं नाही.

“त्याचं झालंच नव्हतं, हे तुम्हाला केव्हा कळलं?” तिने विचारलं.

डीकन उठून बूथमध्ये गेला. मायक्रोफोन त्याच्या छातीशी येत होता. त्याने स्टँड सकाळच्या उंचीवर, थेट आपल्या ओठांपर्यंत ओढला आणि स्क्रू आवळला.

“पुढच्या वेळी,” तो मायक्रोफोनमध्ये म्हणाला, “आधी हा खाली घेत जा.”