मऊ निघालेला दगड

मी एक जुना शेल खडक आहे. जुना म्हणजे किती, हे मलाही नीट सांगता येणार नाही. मित्रांनो, तुम्ही पाहता ते डोंगर जन्मले नव्हते, तेव्हा मी एका संथ समुद्राच्या तळाशी नुसता चिखल होतो. वरून सूक्ष्म जीव मरून माझ्यावर पडत. तळाच्या पाण्यात प्राणवायू नव्हता, म्हणून ते पुरते कुजले नाहीत, माझ्यातच राहिले. पुढे गाळावर गाळ चढला, समुद्र आटला आणि मी खोल खोल गेलो. वरच्या भारानं दबून माझा खडक झाला. आतल्या उष्णतेनं त्या जिवांचा वायू झाला. माझी छिद्रं इतकी बारीक, की त्याला बाहेर पडायला वाटच नव्हती. आम्ही दोघं तसेच राहिलो. तिथं ऊब होती आणि चहूबाजूंनी माझेच भाऊबंद होते. एकटेपण म्हणजे काय, ते मला ठाऊक नव्हतं.

मग एके दिवशी वायू शोधणाऱ्या एका कंपनीचा पोकळ पोलादी नळा वरून गरगरत आला. त्यानं मला गोल कापून काढलं. दंडाएवढा जाड आणि हातभर लांब असा मी अडीच हजार मीटर वर आलो. वरचा दाब सुटताच माझ्या ओल्या अंगावर बुडबुडे फुटू लागले.

"दगडाला पाझर फुटतो म्हणतात, ह्याला तर वायू फुटला!" एक कामगार ओरडला आणि सगळे टाळ्या वाजवू लागले. ते हसत होते आणि माझा कोट्यवधी वर्षांचा सोबती सुं सुं करत निघून चालला होता.

मला पहिल्यांदा हातात घेतलं ते भूवैज्ञानिक बाईंनी. त्यांच्या गळ्यात कायम एक भिंग असे, म्हणून त्यांना सगळे भिंगवाल्या ताई म्हणत. त्यांनी माझ्यावरचा चिखल पुसला आणि हळूच म्हणाल्या, "गार पडलास रे अगदी."

पुढे करवतीनं मला उभं चिरलं. एक अर्धा प्रयोगशाळेत गेला. तिथं त्याची भुकटी झाली. दुसरा अर्धा मी. ताईंनी मला लाकडी पेटीत ठेवलं, वर ठसठशीत अक्षरात वायूच्या त्या विहिरीचा क्रमांक आणि खोली लिहिली आणि पत्र्याच्या कोठारातल्या लोखंडी मांडणीवर चढवलं. कोठार सांभाळायला एक काका होते. पूर्वी ते ट्रक चालवत. अजूनही पेट्या सरकवताना "येऊ द्या, येऊ द्या, बास!" असं म्हणत.

ते दिवस माझ्या कौतुकाचे होते. कंपनीचे साहेब येत, पाहुणे येत. माझ्यासोबत फोटो काढत. ताईंचा धाकटा भाऊही आला. तो वेल्डर होता. गावात वायूची पाइपलाइन होणार म्हणून जहाजांच्या कारखान्यातली पक्की नोकरी सोडून परत आला होता. त्यानं मला थोपटलं आणि म्हणाला, "ताई, ह्यानं आपलं नशीब काढलं बघ!"

प्रयोगशाळेचा अहवाल आला, त्या दिवशी ताईंनी तो माझ्या शेजारी बसून तीनदा वाचला. दुपारी साहेब आले. दोघांचं बोलणं फार लांबलं नाही.

"अजून दोन विहिरी खणून पाहू की," साहेब म्हणाले. "गावाला मी काय सांगू?"

"जे आहे ते सांगा, साहेब. मी माझ्या अहवालात तेच लिहिणार आहे."

महिनाभरात कंपनीनं गाशा गुंडाळला. यंत्रं निघून गेली. आणि एका संध्याकाळी भाऊ कोठारात आला. त्यानं माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

"ताई, वायू आहे की नाही?"

"आहे."

"मग अडलं कुठं?"

"नुसता असून भागत नाही. तो काढायला पाण्याच्या जोरानं खडकाला भेगा पाडाव्या लागतात. त्या मिटू नयेत म्हणून त्यांत वाळू भरतात. खडक गारगोटीसारखा कडक असेल तर हे जमतं. ह्याच्यात निम्म्याहून जास्त चिकणमाती आहे. वाळू रुतून बसेल आणि भेग मिटेल."

"दगडापेक्षा वीट मऊ, एवढं ऐकलंय मी. तू दगडच मऊ म्हणतेस!"

"मी नाही, खडक म्हणतोय."

"खडकाला तोंड आहे का? लोक मला विचारतात! सगळं गाव कामाला लागलं असतं. तुझ्या एका सहीनं ताटातलं गेलं." त्याचा आवाज चिरकला. "आजपासून तुझं तू, माझं मी."

मित्रांनो, मला तेव्हा फार वाटलं, की मला खरंच तोंड असावं. मी म्हणालो असतो, ती खरं बोलते आहे. मी खरोखरच मऊ आहे.

त्यानंतर गावात ताईंशी कोणी धड बोलेना. दुकानात त्या गेल्या की गप्पा थांबत. त्या डबा घेऊन कोठारात येत आणि माझ्यासमोर एकट्या जेवत. कधी पोळी तशीच ठेवून फोन उघडत, एक नाव बघत आणि बंद करत. वर्षभरानं त्यांची दूर बदली झाली. जाताना माझ्या पेटीवर हात ठेवून थोडा वेळ उभ्या राहिल्या.

मग सात वर्षं माझी पेटी कोणी उघडली नाही. पाली आल्या, धूळ आली, पावसाळ्यात पत्रे वाजले. मी कोरडा पडत गेलो. बाजूचे तुकडे भुगा होऊन पेटीच्या तळाशी साचले.

शेवटी कोठार बंद करायचं ठरलं. पेट्या दुसरीकडे हलवायच्या आणि मांडण्या कापायच्या होत्या. कापायला आला तो ताईंचा भाऊ. कानाजवळ केस पिकले होते. पेट्या उतरवता उतरवता त्याला ते ठसठशीत अक्षर दिसलं आणि तो थबकला.

"काका, हा तोच का?"

"तोच. तुमच्या बहिणीचा दगड."

"ती इथं येऊन काय करायची?"

"जेवायची," काका म्हणाले. "एकटीच."

भाऊ खाली बसला. ताईंनी एकदा दाखवलं होतं तसा काकांनी माझा एक सुटा तुकडा बशीभर पाण्यात टाकला आणि चहा ठेवला. चहा पिऊन होईपर्यंत त्या तुकड्याच्या कडा फुगून सुटल्या होत्या. भावानं तो चिमटीत धरला. त्याचा चिखल झाला. काळा चिखल बोटांवरून ओघळत मनगटापर्यंत आला, तरी तो नुसता पाहत राहिला.

मग त्यानं हात विजारीला पुसला आणि फोन लावला. काका कप विसळायला बाहेर गेले.

"ताई, मी बोलतोय." त्यानं फोन दुसऱ्या कानाला लावला. "तुझा दगड बघितला गं. मऊ आहे. एकदम मऊ आहे."

पलीकडे काय झालं, मला ऐकू आलं नाही. त्यानं मान खाली घातली आणि म्हणाला, "रडू नकोस ना. बोल काहीतरी. मी ऐकतोय."

त्या दिवशी मांडण्या कापायचं काम झालंच नाही.

आता मी एका परक्या शहरातल्या मोठ्या कोठारात आहे. भोवती अनोळखी खडक आहेत आणि माझी पेटी तळाशी आहे. इथं मला ओळखणारं कोणी नाही. मित्रांनो, आमच्यासारखे जुने पुरावे जपून ठेवा. ते कधी कोणाच्या कामी येतील, सांगता येत नाही. आणि कोणी न आवडणारं खरं सांगितलं, तर त्याला एकट्यानं जेवायला लावू नका. दगडाला वाट पाहायची सवय असते. माणसाला मात्र इतकी वर्षं फार होतात.