विस्तवमावशीची ऐरण

मी एक जुनी ऐरण आहे. माझं एक टोक मोडलंय, पाठीवर खळगे पडलेत; पण मित्रांनो, माझ्यासारखं भाग्य फार थोड्या लोखंडाला लाभतं. मला विस्तवमावशीने घडवलं!

आपण ओंजळीत पाणी घेतो, तशी ती ओंजळीत जाळ घ्यायची. चूल पेटेना की शेजारणी काडेपेटी शोधत नसत, तिलाच हाक मारत. माझा ओबडधोबड गोळा तिने तळहातांनी लालबुंद तापवला आणि तिच्या नवऱ्याने, म्हणजे काकांनी, घण घालून मला आकार दिला. पुढे मावशीही घण घालायला शिकली आणि आम्ही तिघांनी नांगराचे फाळ केले, दारांच्या कड्या केल्या, एका म्हाताऱ्या ड्रॅगनला दातसुद्धा बसवला. तो महिनाभर येणाऱ्याजाणाऱ्याला हसून दाखवत होता.

मावशीला एकच खंत होती. तिच्या लेकीच्या हातात विस्तव उतरला नव्हता. लहानपणी लेकीने निखारा उचलून पाहिला आणि फोड घेऊन बसली. "मी कसली लोहाराची पोर?" म्हणाली, आणि मोठी झाल्यावर बेकरीत पीठ मळायला लागली. लोहारशाळेकडे ती फिरकेनाशी झाली.

एके सकाळी दरीवरच्या झुलत्या पुलाच्या साखळीची कडी उघडली. पूल एका अंगाला कलला. मधोमध शाळेची मुलं आणि त्यांच्या बाई कठड्याला बिलगून उभ्या होत्या. गावकऱ्यांनी दोर लावून साखळी ओढून धरली खरी, पण किती वेळ धरणार? इतर लोहारांनी भट्ट्या आणल्या. दरीतला वारा असा दांडगा, की एकही पेटेना.

मला गाडीवर घालून मावशी धावत आली. लोकांनी मला त्या कडीखाली टेकवलं. तिने दोन्ही हातांत कडी धरली आणि वाऱ्याच्या नाकावर टिच्चून जाळ फुलवला. कडी तांबडी झाली, मग पिवळी.

"घण घाला!" ती ओरडली.

पण काका पाठ धरून घरी झोपले होते. बाकीचे लोहार मागे सरले. घाव जरा चुकला तर मावशीच्या हातावर बसणार! तेवढ्यात गर्दीतून लेक पुढे आली, कोपरापर्यंत पिठाने माखलेली.

"आई, मला नाही जमणार गं."

"विस्तव मी सांभाळते. तू घाव सांभाळ. एवढी वर्षं पीठ मळून दंड कशाला कमावलेस?"

लेकीने घण उचलला. पहिला घाव माझ्यावरच आदळला; माझं टोक उडालं ते तेव्हाच. दुसरा बरोबर कडीवर बसला. मग तिला ताल सापडला. कडीची तोंडं एकमेकांत मिसळली, दोर सैल केले, साखळीने भार पेलला. मुलं एकेक करून आमच्या काठावर आली. शेवटी बाई आल्या आणि मटकन खालीच बसल्या. सर्वांत छोटी मुलगी म्हणाली, "बाई, परत एकदा जायचं?" सगळे पोट धरून हसले. मावशी मात्र लेकीचे पिठाचे हात धरून रडत होती.

"विस्तव मला फुकट मिळाला गं," ती म्हणाली. "घाव शिकता शिकता मात्र माझे केस पिकले. तेच तुला द्यायचं होतं."

दुसऱ्या दिवसापासून लेक कोळशाच्या भट्टीवर शिकू लागली. तिच्या कड्या आईच्या कड्यांइतक्याच पक्क्या निघाल्या.

मावशी गेली तेव्हा गावाने माझा फार मान केला. मला चौकात ओट्यावर बसवलं, रंग दिला, भोवती साखळी लावली. लोक वाकून नमस्कार करत, पण घाव कोणी घालेना. रंगाखाली मला गंज चढला. कुणीतरी डोक्यावर फुलांची कुंडीही ठेवली! अखेर एक दिवस लेक गाडी घेऊन आली. "आईची आठवण अशी गप्प बसायला लागली तर झालंच!" म्हणाली, आणि मला घरी घेऊन गेली. आता तिथे गावभरची पोरं-पोरी लोहारकाम शिकतात. विस्तव कुणाच्याच हातात नाही. घाव मात्र सगळ्यांच्या हातात आहे.

मित्रांनो, जुन्या वस्तूंना जपा, पण त्यांना नुसतं सजवून ठेवू नका. धूळ पुसा, गंज काढा आणि आम्हाला कामाला लावा. बरं, आता पुरे. लोखंड तापलंय, आणि तापलेलं लोखंड कुणाच्या गप्पा संपायची वाट बघत नाही.