निशाणी झालेली मशीन

मी एक जुनी शिलाई मशीन आहे, पण मित्रांनो, माझी ओळख एवढ्यावर संपत नाही. गेल्या विधानसभेला मी निवडणुकीला उभी होते! म्हणजे खरंच मी उभी होते की आणखी कुणी, हे मला बरेच दिवस कळलं नाही. तेच तर सांगायचं आहे.

कारखान्यातून निघाले तेव्हा माझं अंग काळंभोर होतं अन् त्यावर सोनेरी वेल होती. कावेरीबाईच्या सासऱ्यांनी मला देगलूरच्या बाजारातून बैलगाडीत घालून गावी आणलं. त्यांच्यामागं कावेरीबाई माझ्यावर बसू लागली. आमचं गाव सीमेवरचं. कुणी तेलुगूत माप सांगतं, कुणी कानडीत, ती सगळ्यांचं शिवते. दसऱ्याला मला झेंडूची माळ घालते, पण कुंकू लाकडी फळीलाच लावते. माझ्या पोटात कुंकू गेलं की मी अडते, हे तिला पक्कं ठाऊक.

मला मेलीला पहिल्यापासून चौकशीची खोड. खिडकीशी बसून रस्त्यावर कोण आलं, कोण गेलं, सगळं टिपायचं. एकदा समोर बॅनर लागला. बघते तर काय, त्यावर मीच! शेजारी एक गृहस्थ हात जोडून उभे. हे कोण, अन् मी यांच्या बाजूला कशाला? दिवसभर माझ्या टाक्यात लक्ष नव्हतं.

उत्तर दुसऱ्या दिवशी दारात आलं. ते गृहस्थ देगलूरचे उद्धवराव. अपक्ष उभे होते आणि त्यांना शिलाई मशीनची निशाणी मिळाली होती. त्यांच्या माणसांना गावोगाव फिरवायला चित्रातल्यासारखी जुनी, पायानं चालवायची मशीन हवी होती. कावेरीबाई आधी तयार होईना. शेजारच्या राजकन्या नावाच्या पोरीचं लग्न तोंडावर आलेलं, तिचे सगळे ब्लाउज शिवायचे होते. मतदान झालं की मशीन दारात आणून देतो, असा शब्द त्या माणसांनी दिला. साहेब निवडून आले तर बायांसाठी शिवणवर्ग काढतील, असंही म्हणाले. तेव्हा कुठं तिनं मान हलवली. मी टेम्पोत चढले तेव्हा ती कौतुकानं बघत होती.

निघतानाच त्या लोकांनी माझ्या डोक्यावर नारळ फोडला. पाणी थेट आत! वर मूठभर हळदकुंकू. पोटात सगळा राडा झाला, पण माझी चौकस मान वरच. केवढा हा मतदारसंघ! कापसाची रानं, तांडे, वाड्या, अन् सगळीकडं माझा जयजयकार. हे लोक मला निवडून देणार म्हणजे नक्की कुठं पाठवणार, मुंबईला का? तिथं कुणाचे कपडे शिवायचे?

एका गावात लक्ष्मम्मा नावाची म्हातारी फाटकी चोळी घेऊन पुढं आली. भाषण तिनं ऐकलंच नाही. चोळी माझ्यावर ठेवून उद्धवरावांना म्हणाली, "एवढी टीप मारून द्या की, साहेब."

साहेब बसले. सुईत दोरा काही ओवेना. कुणीतरी ओवून दिला, तर त्यांनी चाक उलटं फिरवलं. दोरा तटकन तुटला. माणसं खो-खो हसली, साहेबही हसले, अन् लक्ष्मम्मा चोळी घडी करून गेली.

मतदानाला मला ताडपत्रीखाली झाकलं, कारण मतदानाच्या खोलीजवळ निशाणी दिसू द्यायची नसते. घ्या! माझीच निवडणूक अन् मीच आंधळी. पुढं निकाल लागला, साहेब पडले. प्रचाराच्या ऑफिसचं शटर खाली आलं अन् मी आतच राहिले. मुंग्यांनी नारळाचा वास काढला. सुईवर गंज चढला. कावेरीबाईला कळवावं कसं? मला तोंड कुठं होतं? मित्रांनो, मला फार भीती वाटली.

शेवटी तीच आली, गावातल्या बालाजीचा टेम्पो घेऊन. उद्धवराव शटर उघडायला स्वतः आले. माणूस वाईट नव्हता, विसरला होता. म्हणाले, "बाई, आता या निशाणीचं काय काम राहिलं?"

"निशाणी तुमची होती, साहेब. मशीन माझी हाय," कावेरीबाई म्हणाली.

ते ओशाळले. मला उचलू लागताना त्यांनी हळूच विचारलं, "मत तरी दिलं होतं का मला?" माझे कान टवकारले.

"दिलं की. बटनापाशी माझी मशीन दिसली अन् बोट तिकडंच गेलं. माणूस बघायचा राहूनच गेला."

मतं मला पडतात की माणसाला, हे कोडं माझं तिथं सुटलं. तिचं एक मत माझं होतं म्हणून आनंद झाला, अन् त्याच मतासाठी वाईटही वाटलं. घरी आल्यावर तिनं मला रॉकेलनं धुतलं, तेल घातलं. तोवर हळद लागायला आली होती. राजकन्येचे बाकीचे ब्लाउज कावेरीबाईनं हातानंच शिवले होते, बोटांना भोकं पडली होती. शालूवरचा तेवढा माझ्यासाठी ठेवलेला. तो आम्ही दोघींनी मिळून शिवला.

मित्रांनो, कुणाची वस्तू मागून आणली तर तिला जपा अन् वेळेवर परत करा, तिच्या आधारानं कुणाचं तरी घर चालतं. आणि मोठे होऊन तुम्ही मतदानाच्या खोलीत जाल, तेव्हा माझं चित्र दिसलं तरी हरखून जाऊ नका. आधी घरी विचारून ठेवा, या निशाणीच्या माणसाला सुईत दोरा ओवता येतो का?